सवाईच्या गर्दीचा हिशेब: पैसा येतो कुठून, जातो कुठे?

धायरीकर:

ऑफिसात डबे खाताना सुरू झालेला वाद काही केल्या मिटत नाहीये, म्हणून इथे विचारतो. आमच्यातला एक जण दर डिसेंबरात, पुण्यात शास्त्रीय संगीताचा सवाई गंधर्व महोत्सव भरला की, तेच गणित मांडतो. मांडवात इतके हजार लोक, गुणिले तिकीट, गुणिले पाच दिवस. त्यातून कलाकारांचं मानधन आणि मांडवाचा खर्च काढा, राहिला तो नफा. त्याच्या मते हा महोत्सव म्हणजे दुभती गाय आहे आणि आपण उगाच "संगीतसेवा, संगीतसेवा" करत भाबडेपणाने टाळ्या वाजवतो.

मला हे पटत नाही, पण उलट मांडायला माझ्याकडे आकडे नाहीत. माझा प्रश्न थोडा वेगळाही आहे. आमचे एक काका साताऱ्याहून यायचे. संध्याकाळची एसटी, बरोबर सतरंजी, शाल आणि थर्मास. रात्रभर गाणं ऐकायचं, सकाळी स्वारगेटला चहा मारून परत. मुक्कामाचा खर्च शून्य. आता पाच दिवस संध्याकाळी यायचं तर कुणाकडे तरी राहावं लागतं, म्हणून त्यांनी येणंच सोडलं. गर्दी मात्र कमी झालेली दिसत नाही. मग हा महोत्सव वाढला म्हणायचा की नुसता बदलला? आणि पुण्यात लोक एका कॉन्सर्टला काही हजार रुपये मोजत असताना सवाईची बैठकीची (खाली बसायची) तिकिटं अजून इतकी स्वस्त कशी?

स्वार्थ पण सांगून टाकतो. आमच्या गुरुजींच्या स्मरणार्थ सिंहगड रोड परिसरात तीन संध्याकाळींचा छोटा महोत्सव करायचं आम्हा शिष्यांच्या डोक्यात आहे. जाणकारांनी प्रकाश टाकावा.


पर्वतीपायथा:

शास्त्रीय संगीतात नफा? तुमच्या मित्राला एकदा एखाद्या संगीत मंडळाचा खजिनदार करा. सहा महिन्यांत माणूस निर्गुणी भजनं म्हणायला लागेल.

(खजिनदार साहेब, ताळेबंद, या धाग्यावर तुमची वाट बघतोय.)


ताळेबंद:

आलो. मी सवाईचे हिशेब लिहीत नाही, आमच्या सहकारनगरातल्या एका छोट्या मंडळाचे लिहितो. पोटापाण्याला आयुष्यभर लेखापरीक्षणच केलं. त्यामुळे जे सांगतोय ते नियम आणि व्यवहार या अंगाने.

धायरीकर, तुमच्या मित्राचा गुणाकार ठीक आहे. त्याची वजाबाकी कच्ची आहे. आणि मुख्य म्हणजे त्याने गुणाकारात माणसं धरली, दिवस धरले, तास धरलेच नाहीत. मैदानी महोत्सवाचं सगळं अर्थकारण घड्याळावर चालतं. तुमच्या काकांचं येणं बंद झालं तेही घड्याळामुळेच.

थोडं मागे जाऊ. सवाई गंधर्व गेले सप्टेंबर १९५२ मध्ये. पुढच्या वर्षी, १९५३ साली, त्यांच्या स्मरणार्थ त्यांचे शिष्य भीमसेन जोशी यांनी आणि आर्य संगीत प्रसारक मंडळाने महोत्सव सुरू केला. आधी लक्ष्मी क्रीडा मंदिर, मग रेणुका स्वरूप शाळा, मग रमणबाग, आणि २०१८ पासून मुकुंदनगरला महाराष्ट्रीय मंडळाचं मैदान. ही नुसती पत्त्यांची यादी समजू नका. गर्दी वाढत गेली तशी मोठी जागा लागत गेली. सुरुवातीच्या काळातलं सगळ्यात मोठं भांडवल कुठल्याच वहीत लिहिलेलं सापडणार नाही: कलाकार भीमसेनजींच्या शब्दावर येत. ज्याने देशभर गाण्याच्या बैठकी केल्या, तो माणूस बोलावतोय म्हटल्यावर मानधनाची घासाघीस कोण करणार? असं भांडवल एका पिढीपुरतं असतं. ते वारशात पूर्ण मिळत नाही, पुढच्यांना ते हळूहळू रोख रकमेत मोजावं लागतं.

आता घड्याळ. पूर्वी महोत्सव तीन रात्रींचा होता, रात्री सुरू होऊन उजाडेपर्यंत. एका रात्रीत नऊ-दहा तास गाणं. म्हणजे तीन रात्रींत ढोबळमानाने तीसेक तास. २००० साली केंद्राचे ध्वनिप्रदूषण नियम आले. रात्री १० ते सकाळी ६ उघड्यावर ध्वनिक्षेपक बंद. राज्य सरकारला वर्षातले फार तर १५ दिवस रात्री १२ पर्यंत सूट देता येते, आणि २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच चौकटीवर शिक्कामोर्तब केलं. त्या १५ दिवसांत गणपती, नवरात्र, शिवजयंती, ३१ डिसेंबर सगळेच दावेदार. सवाईच्या वाट्याला साधारण एक शनिवार येतो.

अलीकडच्या वर्षांतलं वेळापत्रक आठवा. बुधवारी दुपारी ३ ते १०, गुरुवार-शुक्रवार ४ ते १०, शनिवारी ४ ते १२, रविवारी दुपारी १२ ते १०. बेरीज करा: सदतीस तास. म्हणजे गाणं फार तर एका रात्रीभराने वाढलं, दिवस मात्र तिनाचे पाच झाले. मांडव उभारायचा खर्च एकदाच येतो, तो तीन दिवस वापरा की पाच. पण ध्वनियंत्रणा, मोठे पडदे, जनरेटरचं डिझेल, सुरक्षारक्षक, सफाई, कलाकारांची हॉटेलं, गाड्या हे सगळं दिवसावर मोजलं जातं. हा भार तिकिटाच्या दराआधी घड्याळाने टाकलेला आहे.

याची एक बाजू कुठल्याच हिशेबात येत नाही, तीही सांगतो. ललत-भटियारसारखे पहाटेचे राग मांडवातून गेले, याचं दुःख जुन्यांना आहेच. पण रविवारी दुपारी बाराला सुरू होतं म्हणून सारंगाचे प्रकार, मग भीमपलास, मुलतानी असं दुपारचं गाणं मांडवात आलं, जे रात्रीच्या सवाईत कधी ऐकायलाच मिळालं नसतं. मी सुरुवातीला नाक मुरडलं होतं. आता रविवारची दुपार चुकवत नाही.

तिकीट स्वस्त का, याचं उत्तर दोन भागांत. पहिला भाग कराचा, आणि तो तुमच्या मित्राच्या तोंडावर फेकायला उत्तम आहे. जीएसटीत सांगीतिक कार्यक्रमाच्या प्रवेशाला माणशी ५०० रुपयांपर्यंत माफी आहे (आधी २५० होती, जानेवारी २०१८ पासून ५०० केली). ५०० च्या वर एक रुपया गेलात की पूर्ण रकमेवर १८ टक्के. हे ऐकून लोक म्हणतात, वा, स्वस्त तिकिटावर कर नाही, म्हणजे आयोजकाची मजा. मजा कसली? ज्या तिकिटावर तुम्ही कर घेत नाही, त्यासाठी केलेल्या खर्चावर भरलेल्या कराचं क्रेडिट मिळत नाही. समजा मांडव, ध्वनी, प्रकाश मिळून १० लाखांचं बिल आलं, वर १ लाख ८० हजार जीएसटी. माफीवाल्या तिकिटांच्या प्रमाणात ते १ लाख ८० हजार खर्चातच जमा. परत मिळत नाहीत. त्यात नामवंत कलाकार. शास्त्रीय गायन-वादनाचं मानधन दीड लाखापर्यंत करमुक्त, त्याच्या वर गेलं आणि कलाकार नोंदणीकृत असला की सगळ्या रकमेवर १८ टक्के. म्हणजे २ लाखांच्या कलाकाराचे २ लाख ३६ हजार. बैठकीच्या माणसाकडून हे वसूल होत नाही. ते खुर्चीवाल्याकडून, पुढच्या सोफ्यावाल्याकडून आणि प्रायोजकाकडून येतं. बैठकीवरचा माणूस चार-पाच तास मांडी मोडून बसतो आणि जागेवर "क्या बात है" म्हणतो. त्याच्यावाचून मांडव रिकामा वाटेल, हे आयोजकांना पक्कं ठाऊक आहे.

दुसरा भाग अर्थशास्त्राचा. अमेरिकन अर्थतज्ज्ञ विल्यम बॉमोल यांनी १९६० च्या दशकात दाखवून दिलं की कारखान्यात यंत्रं आली की माणशी उत्पादन वाढतं आणि पगारही वाढतात, पण मैफलीत तसं होत नाही. चौघांचा वाद्यवृंद तीच चीज वाजवायला आजही चार माणसं आणि तेवढाच वेळ घेतो. आपल्याकडे बघा. विलंबित (संथ लयीचा) एकताल १९५३ मध्ये जितका वेळ घ्यायचा तितकाच आजही घेतो. घेऊ नये असं कुणाला वाटत असेल तर त्याने रील बघावेत. पण त्याच तबलजीला आज घर घ्यायचंय पुण्याच्या आजच्या भावाने. म्हणजे खर्च बाकी जगाबरोबर वाढत राहणार, उत्पादन तेवढंच. याला इलाज एकच: एकाच वेळी जास्त कान. म्हणून मोठं मैदान, मोठे पडदे, मागपर्यंत स्पीकर. सवाईची वाढ याच दिशेने झाली, आणि मुकुंदनगरला जाणं हा त्याचाच पुढचा टप्पा.

बैठक आणि खुर्ची यांच्यानंतर प्रायोजक हा उत्पन्नाचा तिसरा खांब. त्यात एक गंमत आहे, पण लिहायला वेळ लागेल, नंतर येतो.


ध्वनिचालक:

ताळेबंद यांनी ध्वनीचा खर्च दिवसावर म्हटला, ते अगदी खरं. मी मैदानी कार्यक्रमांची ध्वनियंत्रणा लावतो, पुण्यात आणि बाहेर, म्हणून थोडी भर.

लोकांना वाटतं शास्त्रीयला काय लागतं, दोन माइक. रॉकच्या शोमध्ये आवाज मोठा केला की चुका झाकल्या जातात. इथे तानपुऱ्याची जवारी (तारांचा झंकार) शेवटच्या सतरंजीपर्यंत ऐकू गेली पाहिजे आणि तरी गायकाच्या अंगावर येता कामा नये. मैदान लांब असलं की मधे स्पीकरचे खांब लावावे लागतात. आवाजाला ३४ मीटर जायला सेकंदाचा दहावा भाग लागतो. तेवढा उशीर मागच्या खांबाला दिला नाही, तर तिथल्या श्रोत्याला सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, दोनदा ऐकू येते. हे रोज संध्याकाळी नव्याने बघावं लागतं, कारण डिसेंबरात चारला ऊन असतं आणि नऊला दव. तबल्याची पुडी (वरचं चामडं) उतरते, तंतुवाद्याच्या तारा हलतात, कलाकार स्टेजवर जुळवत बसतो आणि घड्याळ पळत असतं.

दहाचं सांगतो. पुण्यातल्याच एका मैदानी महोत्सवात (नाव नको) पावणेदहाला मोठा गवई बसलेला. द्रुत रंगात आलेली. आयोजकांचा एक माणूस विंगेत, हातात चिठ्ठी, पण ती द्यायची हिंमत होईना. माझ्या मिक्सरशेजारी हवालदार उभा. बिचारा भला माणूस, मान डोलावत होता. नऊ पंचावन्नला त्याने मला हळूच विचारलं, "साहेब, हे अजून भैरवी म्हणणार का?" मी म्हटलं हो. तर म्हणाला, "मग लवकर म्हणायला सांगा, मलाही ऐकायचीये, पण दहाला बंद करावंच लागेल." तशी चिठ्ठी गेली. गवयाने वाचली, हसला, आणि चार मिनिटांत भैरवी आटोपली. लोकांनी उभं राहून टाळ्या दिल्या, पण अर्धे लोक चुकचुकत बाहेर पडले.

या दहाच्या धाकामुळे आधीच्या कलाकाराचा वेळ कापला जातो. चौघांची संध्याकाळ असली की पहिल्या दोघांना आखून दिलेली मिनिटं. तेच तरुण असतात.


विकेंडर:

मला एक कळत नाही. याच शहरात २०१० साली एनएच७ वीकेंडर सुरू झाला. सनबर्न हा डान्स म्युझिकचा महोत्सव गोव्याहून २०१६ ला पुण्यात आला. तिथे काही हजारांची तिकिटं हातोहात गेली. सवाईचं नाव त्या सगळ्यांहून मोठं आहे. पुढच्या रांगा तिप्पट महाग करा, व्हीआयपी लाउंज द्या, कलाकारांना भेटायचं पॅकेज विका. त्या पैशांत बैठक फुकट करा. कुणाचं काय बिघडेल? परंपरा म्हणून आपण पैसा टेबलावर सोडतोय.


पर्वतीपायथा:

पुढची रांग तिप्पट महाग केली की तिथे ती माणसं येतील ज्यांना ती परवडते. ती यमनाच्या आलापीत फोन घेतील. मग मागची बैठक त्यांना काय बोलेल हे मी इथे लिहू शकत नाही, संपादक मंडळ धागा उडवेल.


ताळेबंद:

विकेंडर, तुमचा मुद्दा उडवून लावण्यासारखा नाही. काही प्रमाणात ते आजही चालूच आहे, मघाशी म्हटलं ना, खुर्ची बैठकीचा भार उचलते. पण तुलना करताना एक फरक धरा. सनबर्न २०१६ ला पुण्यात आला आणि २०१९ ला परत गोव्यात गेला. जिथे परवानगी, जागा आणि हिशेब जमेल तिथे तो जाऊ शकतो. त्याचं उत्पन्न तिकिटाइतकंच बारचं आणि ब्रँडचं. सवाईला दारूचा काउंटर लावता येणार नाही आणि पुण्याऐवजी बंगलोरला नेऊ म्हणता येणार नाही. तो एका गुरूच्या स्मरणार्थ एका शहरात होतो. ज्याला गाव बदलता येत नाही, तो श्रोत्याशी फटकून वागू शकत नाही.

दुसरं, सवाईच्या मंडळाचं स्वतःचं फार काही नाही. मैदान शाळेचं, मांडव भाड्याचा, ध्वनी भाड्याचा. कंपनीवाल्यांना हे कच्चेपण वाटेल, मला ती ताकद वाटते. १९५३ पासून सलग मोजलं तर २०२४ चा महोत्सव ७२ वा हवा होता. तो ७० वा होता. २०२० आणि २०२१ कोरोनाने खाल्ली. दोन डिसेंबर उत्पन्न नाही, आणि तरी २०२२ ला ६८ वा उभा राहिला. पगारी फौज आणि मालकीची यंत्रं असलेला उद्योग त्या दोन वर्षांत बसला असता.


ध्वनिचालक:

बसला तसा. आमच्या धंद्यात बसले की. महोत्सवाचं काही मालकीचं नव्हतं म्हणून महोत्सव वाचला, कारण ते सगळं आमच्या मालकीचं होतं, बँकेच्या हप्त्यांसकट. माझ्या ओळखीतल्या दोघांनी स्पीकर निम्म्या किमतीला विकले. तक्रार नाही करत. पण "ताकद" म्हणताना जोखीम कुणाच्या खांद्यावर गेली तेही लिहा.


ताळेबंद:

मान्य. ते लिहायलाच हवं होतं, तुम्ही लिहिलंत ते बरं झालं.

आता प्रायोजकांची गंमत. मांडवात जे फलक दिसतात ते बाहेरून सारखे, आतून तीन वेगळी खाती. पहिलं सरळ प्रायोजकत्व: कंपनीला जाहिरात हवी, त्यावर जीएसटी लागतो. दुसरी देणगी: कुणी पैसे दिले आणि तुम्ही कृतज्ञता म्हणून नाव लावलंत, धंद्याची जाहिरात नाही, तर त्यावर जीएसटी नाही. केंद्राच्या अप्रत्यक्ष कर मंडळाचं ऑक्टोबर २०१९ चं परिपत्रकच आहे तसं. म्हणजे "अमुक यांच्या सौजन्याने" चालतं, "अमुक यांचे गृहकर्ज घ्या" चालत नाही. तिसरा सीएसआर, म्हणजे कंपन्यांनी समाजकार्यासाठी द्यायचा पैसा. कंपनी कायदा २०१३ च्या सातव्या अनुसूचीत कला-संस्कृतीचं जतन आहे, त्यामुळे नफ्यातल्या दोन टक्क्यांतून पैसा येऊ शकतो. पण २०२१ च्या सुधारणेपासून स्पष्ट लिहिलंय की आपल्या मालाच्या विक्रीला फायदा व्हावा म्हणून दिलेलं प्रायोजकत्व सीएसआर धरलं जाणार नाही. म्हणजे कंपनीच्या मार्केटिंगवाल्याला फलक मोठा हवा आणि सीएसआरवालीला तो छोटा हवा. एकाच कंपनीतले दोन जण आपल्या खजिनदाराला उलटसुलट मेल करतात. हे मी भोगलंय, छोट्या प्रमाणात.

आणि जे काही उरतं ते मांडवाबाहेरही खर्च होतं. महोत्सवाच्या दिवसांत सकाळी शिवाजीनगरच्या सवाई गंधर्व स्मारकात "षड्ज" मध्ये संगीतावरचे माहितीपट आणि "अंतरंग" मध्ये कलाकारांच्या मुलाखती असतात. तुमच्या मित्राच्या गुणाकारात त्याला रकानाच नाही. मांडवात सगळ्यात निर्धास्त कमाई कुणाची असेल तर खाण्याच्या स्टॉलवाल्यांची. मध्यंतरात तिथली रांग बघा.


माटुंगा_ते_मैलापूर:

नोकरीमुळे काही डिसेंबर चेन्नईत काढले, म्हणून एक तुलना. तिथला डिसेंबरचा संगीताचा हंगाम १९२७ च्या काँग्रेस अधिवेशनाच्या निमित्ताने भरलेल्या संगीत परिषदेतून सुरू झाला. म्युझिक अकॅडमी १९२८ ची. पण तिथे एक मांडव मोठा होत गेला नाही. सभा, म्हणजे संगीतसंस्था, वाढत गेल्या. प्रत्येकीचा वेगळा हॉल, वेगळे सभासद, आणि हो, वेगळं कँटीन, ज्यासाठी अर्धे लोक येतात असं तिथलेच म्हणतात. सकाळ-दुपारच्या बऱ्याच मैफलींना (तिथे त्यांना कचेरी म्हणतात) तिकीट नसतं, तिथे तरुण गातात. संध्याकाळी मोठे कलाकार, तिकीट लावून. त्यामुळे ध्वनिचालक म्हणतात ती तरुणांची कापाकापी तिथे कमी. पण त्यांनाही दुपारी रिकाम्या खुर्च्यांसमोर गावं लागतं, तेही काही सुख नाही.

पुण्यात एका संध्याकाळी हजारो लोक एकच सम गाठतात, ती मजा मला चेन्नईत मिळाली नाही.


विकेंडर:

बंदिस्त जागेत दहाचा नियम लागत नाही ना? मग मोठ्या स्टेडियमसारख्या बंद हॉलमध्ये न्या सवाई. रात्रभर गा.


ताळेबंद:

नियम बरोबर वाचलात. सभागृह, बँक्वेट हॉल यांसारख्या बंद जागेत आतल्या आत ध्वनिक्षेपक रात्रीही चालतो. पण पुण्यातली नाट्यगृहं घ्या, बालगंधर्व, यशवंतराव, टिळक स्मारक. मैदानावर मावणारे श्रोते त्यांत मावणार कसे? आणि क्रीडासंकुलातल्या बंद हॉलमध्ये पत्र्याखाली तानपुरा लावून बघा, घुमून घुमून षड्जाचा पत्ता लागणार नाही. ध्वनिचालक सांगतील.


ध्वनिचालक:

सांगायची गरजच नाही. कापडी मांडव आवाज पितो, पत्रा परत फेकतो. लाखो रुपयांचे पडदे लावल्याशिवाय तिथे ख्याल ऐकू शकत नाही तुम्ही.


धायरीकर:

सगळ्यांचे आभार. मित्राला वाचायला दिलं, तो सध्या ५०० च्या माफीवर अडकलाय.

आता आमचं. तीन संध्याकाळी, अंदाजे तीनशे श्रोते, दोन मोठे कलाकार आणि बाकी गुरुजींचे शिष्य. आमच्या सोसायटीच्या शेजारचं मोकळं मैदान मिळतंय, जवळजवळ फुकट. एका कंपनीत ओळख आहे, ते सीएसआर बघतो म्हणालेत. तिकीट लावू की देणगी-प्रवेशिका? काय करू?


ताळेबंद:

धायरीकर, मैदान फुकट मिळतंय म्हणून घेऊ नका. फुकट मैदानावर मांडव, जनरेटर, फिरती स्वच्छतागृहं, अग्निशमनाचा दाखला, पोलीस परवानगी, तात्पुरत्या वीजजोडणीची तपासणी हे सगळं तुमच्या गळ्यात. तीनशे माणसांना बंद हॉल घ्या. दिसायला भाडं जास्त, पण वरचं निम्मं लचांड हॉलवाल्याचं. दहाच्या धाकातूनही सुटाल, फक्त हॉलची स्वतःची वेळ किती वाजेपर्यंत आहे ते विचारा.

सीएसआर विसरा, यंदा तरी. त्यासाठी नोंदणीकृत संस्था, आयकराच्या नोंदण्या, कंपनी खात्याकडचा सीएसआर-१ फॉर्म आणि साधारणपणे तीन वर्षांच्या कामाचा इतिहास लागतो. तुम्ही अजून व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप आहात. ओळखीतल्या डॉक्टर, सराफ, मिठाईवाल्याकडून देणग्या घ्या, पावती द्या, कार्यक्रमपत्रिकेत कृतज्ञतेने नाव छापा.

तिकीट लावा, कितीही कमी असलं तरी. फुकट ठेवलंत तर लोक पहिला कलाकार झाला की रेंगाळत येतात आणि मधेच जातात. तुमची वार्षिक उलाढाल २० लाखांच्या खूप आत असेल, त्यामुळे जीएसटी नोंदणीची गरज नाही. पण हॉल आणि ध्वनीच्या बिलावरचे १८ टक्के तुम्हाला भरायचेच आहेत, ते अंदाजपत्रकात आधीच धरा. लोक इथेच फसतात: कोटेशनच्या तळाशी "कर वेगळा" लिहिलेलं असतं आणि ते कुणी वाचत नाही.

आणि एक कळकळीने. तबला आणि पेटीच्या साथीदारांचं मानधन मुख्य कलाकाराच्या पाकिटात घालून मोकळे होऊ नका. आधी आकडा बोलून घ्या, वेगळं पाकीट करा, त्याच रात्री द्या.


ध्वनिचालक:

तानपुऱ्यावर बसणाऱ्या मुलांनाही. निदान जेवण आणि रिक्षाभाडं.


धायरीकर:

हॉलवाला म्हणतो ध्वनी त्यांचाच घ्यावा लागेल, बाहेरचा आणू देत नाहीत. घेऊ का?


ध्वनिचालक:

आधी त्यांच्याकडे एखाद्या संध्याकाळी कार्यक्रम असेल तेव्हा शेवटच्या रांगेत जाऊन बसा. निवेदकाचा "स" शिट्टीसारखा वाजत असेल तर दुसरा हॉल बघा. ठीक वाटलं तर घ्या, पण माइक कोणते आणि किती, मॉनिटर (कलाकाराकडे तोंड केलेले स्पीकर) किती, आणि तिन्ही दिवस एकच माणूस बसणार का, हे लेखी घ्या. दुसऱ्या दिवशी नवा पोरगा आला की पहिल्या दिवशी बसवलेलं सगळं पाण्यात जातं.